व्हॅलिडिटी आली नाही म्हणून राखीव सीट का जावी?

काळीमाती:
कॅप राउंड, म्हणजे केंद्रीय प्रवेश फेऱ्या सुरू झाल्या की दरवर्षी हाच जीवघेणा प्रकार. मुलीकडे प्रांतांच्या सहीचा जातीचा दाखला आहे, नॉन-क्रिमिलेअर आहे, सीईटीला मार्कही चांगले आहेत. फक्त व्हॅलिडिटी, म्हणजे जातीचा दाखला खरा असल्याचं प्रमाणपत्र नाही, कारण फाइल ते देणाऱ्या जात पडताळणी समितीकडे पडून आहे. अर्जाच्या पावतीवर प्रवेश मिळतो, मुदत संपली की तो रद्द होतो, नाहीतर खुल्या गटाची फी भरा म्हणतात. कधी सरकार मुदतवाढ देतं, पण त्या भरवशावर घर चालत नाही. माझ्या भाचीची इंजिनिअरिंगची सीट अशीच गेली. कागद पूर्ण दिलेले असतील तर समितीचा निर्णय येईपर्यंत राखीव प्रवेश कायम राहिलाच पाहिजे.

सातपुडा:
भाचीचं ऐकून खरंच वाईट वाटलं. तरी माझा विरोध आहे. ही सूट आम्हा आदिवासींना फार महाग पडली आहे. मिलिंद प्रकरण घ्या. 1985-86 मध्ये हलबा या अनुसूचित जमातीचा म्हणून मेडिकलला प्रवेश, पुढे समितीने दावा फेटाळला, आणि सुप्रीम कोर्टाचा निकाल आला 2000 साली. हलबा-कोष्टी ही अनुसूचित जमात नाही, असं कोर्टाने स्वच्छ सांगितलं. पण तोवर शिक्षण पूर्ण झालेलं, म्हणून पदवी राहू दिली. ज्या आदिवासी मुलाची ती जागा होती त्याच्या हाती काय आलं? आधी पडताळणी, मग प्रवेश. 1994 च्या माधुरी पाटील निकालातही प्रवेशाच्या किमान सहा महिने आधी पडताळणीचा अर्ज करा, असंच सांगितलंय.

काळीमाती:
सातपुडा, मिलिंदच्या वेळी जात पडताळणीचा आजचा राज्याचा कायदा नव्हता. 2001 पासून तो लागू आहे. कलम 10 प्रमाणे दावा खोटा ठरला की प्रवेश आणि पदवी दोन्ही जातात. 2017 मध्ये सुप्रीम कोर्टानेही सांगितलं की आता सहानुभूती म्हणून लाभ राखता येणार नाहीत. मग खऱ्या मुलांना आधीच बाहेर का काढायचं?

सातपुडा:
पदवी काढून घेतली तरी ती सीट चार वर्षांनी परत येत नाही हो.

भटकी_वाट:
तुम्ही दोघंही 'कागद पूर्ण' धरूनच बोलताय. आमच्याकडे तिथेच सगळं अडतं. विमुक्त-भटक्यांना 21 नोव्हेंबर 1961 च्या आधीचा पुरावा लागतो. आजोबा पालावर जन्मले, शाळेचं तोंड पाहिलं नाही, मग शाळा सोडल्याचा दाखला आणायचा कुठून? कोतवाल बुकात, म्हणजे गावच्या जन्म-मृत्यूच्या वहीत, जन्माची नोंद तरी कोणत्या गावाने केली असेल? आज इथे, महिन्याने तिसरीकडे. आणि कलम 8 म्हणतं, जात सिद्ध करायची जबाबदारी अर्जदाराची. ज्यांना गावानेच वेशीबाहेर ठेवलं त्यांच्याकडे गावदप्तरातली नोंद मागणं हा अन्याय आहे. अशा घरांसाठी समितीने स्वतः वस्तीवर येऊन चौकशी करावी आणि तीच मुख्य पुरावा धरावी.

मोहोर:
वडिलांकडची व्हॅलिडिटी असेल तर मुलांना पुन्हा सगळं सिद्ध करायला लावू नये. वडिलांच्या बाजूच्या रक्ताच्या नातेवाइकाची रीतसर चौकशीनंतर दिलेली व्हॅलिडिटी असेल तर मुलालाही ती द्यावी, असं मुंबई हायकोर्टाने 2010 मध्ये अपूर्वा निचळे प्रकरणात म्हटलंय. त्यात फसवणूक निघाली तर गोष्ट वेगळी. एवढं पाळलं तरी फायलींचा ढीग कितीतरी कमी होईल.

सातपुडा:
भटकी_वाट, तुमचं म्हणणं मान्य. ती चौकशी व्हायलाच हवी. मोहोर, एका काकाने खोटी व्हॅलिडिटी मिळवली की पुढे अख्खं खानदान त्यावर शिकतं, म्हणून नुसती झेरॉक्स पाहून चालणार नाही. आणि काळीमाती, सायन्सच्या मुलांना अकरावीतच अर्ज करता येतो. दोन वर्षं हातात असतात.

काळीमाती:
तिने अकरावीतच केला होता. समितीचं चौकशी करणारं दक्षता पथक घरी आलं ते बारावीची परीक्षा उरकल्यावर. त्या दोन वर्षांचा हिशेब तिच्याकडे नका मागू, समितीकडे मागा.