मदत हवी आहे : सोडियम पुन्हा पुन्हा घसरतंय

सासूबाई, वय 74. मागच्या महिन्यात असंबद्ध बोलायला लागल्या, तोल जायला लागला. रक्तातलं सोडियम 119 निघालं, म्हणजे फारच कमी. ॲडमिट केलं, बीपीची क्लोरथॅलिडोन (लघवी वाढवणारं औषध) असलेली गोळी बंद झाली, 132 वर घरी आलो. आता पुन्हा 126.

पोटॅशियम, क्रिएटिनिन, साखर, थायरॉईड, सकाळचं कॉर्टिसोल (अ‍ॅड्रिनल ग्रंथीचं हार्मोन) सगळं नॉर्मल. रक्ताची ऑस्मोलॅलिटी (विरघळलेल्या क्षार वगैरेंचं प्रमाण) 262, लघवीची 430, लघवीतलं सोडियम 60. पायांवर सूज नाही, उलट्या-जुलाब नाहीत. छातीचा एक्स-रे स्वच्छ.

पाणी दिवसाला एक लिटर. सकाळीच बाटली भरून ठेवते. चहा, ताक, आमटीचं पाणीही त्यातच धरते. तरी त्या गुपचूप तांब्या तोंडाला लावतात, घसा सुकतो म्हणतात. नातेवाईक 'मीठ जास्त घाला' सांगतात, पण बीपी आहे, म्हणून मनाने काही वाढवलेलं नाही.

एसिटालोप्राम 10 (नैराश्य-चिंतेवरची गोळी) चार महिन्यांपासून चालू आहे. फिजिशियन म्हणतात, पाणी कमी करून बघू. या गोळीचा विषय निघालाच नाही. एकदम बंद करायची नसते हे माहीत आहे.

इथल्या डॉक्टरांना आणि अनुभवी मंडळींना विचारायचंय : हे एसिटालोप्राममुळे असू शकतं का, आणि ती बदलण्याबद्दल आधी मानसोपचारतज्ज्ञांना गाठू की नेफ्रॉलॉजिस्टना (किडनीच्या डॉक्टरांना)?