मेंदूत मायक्रोप्लॅस्टिक: वाट कुठली, आणि स्वयंपाकघरात काय बदलायचं?

मांडवीकाठ:
मेंदूत मायक्रोप्लॅस्टिक, म्हणजे प्लॅस्टिकचे अतिसूक्ष्म कण, सापडल्याच्या बातम्या फिरताहेत. रक्त आणि मेंदू यांच्यामध्ये पडदा असतो ना, मग कण आत जातात कसे? आमच्याकडे विहिरीचं पाणी उकळून पितात, तिसऱ्या-शिनाण्या हे शिंपलेही बऱ्याचदा होतात. बंद काय करायचं?

सूक्ष्मदर्शी:
वाटा दोन. एक पोटातून: कण रक्तात उतरले की त्यांच्यावर प्रथिनं आणि कोलेस्टेरॉल चढतं, आणि पडदा ओलांडता येईल की नाही हे बरंचसं त्या थरावर ठरतं. उंदरांना पॉलिस्टायरीन (थर्माकोलचं प्लॅस्टिक) पाजलं तेव्हा ०.२९३ मायक्रॉनचे (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) कण दोन तासांत मेंदूत दिसले, १.१४ मायक्रॉनचे दिसले नाहीत. दुसरी नाकातून: साओ पावलोत १५ पैकी ८ मृतांच्या घ्राणकंदात (मेंदूचा वास ओळखणारा, नाकावरचा भाग) कण मिळाले (२०२४).

जांभा:
अमेरिकेतल्या न्यू मेक्सिकोच्या २०२५च्या मेंदूवरच्या अभ्यासातल्या आकड्यांवरून 'मेंदूत चमचाभर प्लॅस्टिक' म्हणतात, ते जपून घ्या. त्या पद्धतीत नमुना तापवून निघणारे रेणू मोजतात, आणि मेंदूतली चरबीही पॉलिएथिलीनसारखेच (पिशव्यांचं प्लॅस्टिक) रेणू सोडते. डिमेन्शिया (स्मृतिभ्रंश) झालेल्यांच्या मेंदूंत प्रमाण जास्त होतं खरं, पण त्या आजारात पडदाच गळका होतो. मग कारण कुठलं, परिणाम कुठला? त्यापेक्षा इटलीचा अभ्यास (२०२४) वजनदार वाटतो. मानेच्या धमनीत साचलेल्या चरबीच्या थरात प्लॅस्टिक सापडलेल्यांना, न सापडलेल्यांच्या तुलनेत, सुमारे ३४ महिन्यांत हृदयविकाराचा झटका, पक्षाघात किंवा मृत्यू यांचा धोका साडेचार पट. तोही निरीक्षणच, प्लॅस्टिकमुळेच झालं याचा पुरावा नव्हे.

पाटावरवंटा:
उकळण्याचा फायदा जड, म्हणजे जास्त क्षारांच्या, पाण्यात. क्षार खाली बसताना कण कवटाळतात, मग गाळून ९० टक्क्यांपर्यंत जातात. मृदू पाण्यात सुमारे २५च. आपल्या जांभ्या दगडातल्या विहिरींचं पाणी बहुधा मृदू, तेव्हा जंतूंसाठी उकळा, प्लॅस्टिकसाठी त्यावर विसंबू नका.

दक्षिण गोव्यातल्या साळ नदीच्या खाडीतल्या शिंपल्यांत मायक्रोप्लॅस्टिक आढळलंय. तिसऱ्या आपण आतड्यासकट खातो, म्हणून मिठाच्या पाण्यात ठेवून वाळू सोडायला लावा. थोडे कण जातात, सगळे नाही. सुंगटांचा (कोळंबीचा) काळा दोरा, म्हणजे आतडं, काढा. बांगड्याचं पोट साफ करतोच.

माझ्या मते आधी गरम पातळभाजीचं पिशवीतलं पार्सल थांबवा, स्टीलचा डबा न्या. बाटलीबंद पाणीही नको: लिटरमागे सरासरी २.४ लाख कण मोजलेत, त्यातले ९० टक्के नॅनो, म्हणजे एका मायक्रॉनहून लहान.

मांडवीकाठ:
आरओ लावू?

जांभा:
आधी टीडीएस, म्हणजे पाण्यात विरघळलेले क्षार, मोजा. कमी असेल तर आरओने उरलेसुरले क्षारही जातील; ०.०१ मायक्रॉनचा यूएफ (क्षार न काढता बारीक छिद्रांतून गाळणारा फिल्टर) पुरे. पुढची साठवण मात्र स्टीलच्या पिंपात.