बीजयंत्राला लगाम कसा घालावा? (कथेसाठी मदत हवी)

टेकडीवाली
नमस्कार मंडळी. दिवाळीपर्यंत एक दीर्घकथा पुरी करायची आहे आणि तीन आठवडे एकाच ठिकाणी अडकले आहे.

कथेतलं जग असं: डोंगर आपल्या सह्याद्रीसारखेच, पण तिथला काळा पाषाण मंत्र ओळखतो. ठरावीक स्वरात हाक दिली की दगड मऊ पडतो. त्या जगात 'बीजयंत्र' आहे, बैलाएवढं, सहा पायांचं. ते दगड खातं, त्यातलं लोखंड वेगळं काढतं आणि दर अमावास्येला हुबेहूब स्वतःसारखं दुसरं यंत्र घडवतं. वेताळ टेकडीवर जुन्या खाणीपाशी बसले होते तेव्हा मला ते पहिल्यांदा दिसलं. कड्याला टेकून उभं, पोटाखाली अर्धवट पिल्लू. चार पाय झालेत, दोन व्हायचेत.

अडचण हिशोबाची आहे. प्रत्येकाने महिन्याला एक पिल्लू काढलं तर एकाची तीस महिन्यांत १,०७,३७,४१,८२४ यंत्रं होतात. अडीच वर्षांत डोंगर संपले, कथाही संपली. कुणाच्या शापाने त्यांना थांबवायचं नाहीये मला. मर्यादा यंत्राच्या पोटातूनच यायला हवी. काय करू?

अबकड
रक्तबीज आठवा. देवीमाहात्म्यात त्याच्या रक्ताचा थेंब जमिनीवर पडला की नवा रक्तबीज उभा राहतो, आणि काली तो थेंब वरच्यावर पिते. म्हणजे जमीन तोडली की वंश खुंटला. तुमच्या यंत्राची जमीन कोणती, ते ठरवा. आपल्या काळ्या दगडात लोह साधारण वजनाच्या दहाव्या हिश्शाइतकं असतं, तांबं मात्र नावापुरतं. २००५ मध्ये इंग्लंडमधल्या बाथ विद्यापीठात एड्रियन बोयर यांनी रेपरॅप सुरू केला, स्वतःचेच प्लॅस्टिकचे भाग छापणारा थ्रीडी प्रिंटर. मोटारी, सर्किट, नटबोल्ट मात्र बाहेरून आणावे लागायचे. अशा भागांना ती मंडळी 'व्हिटॅमिन' म्हणतात. तुमच्या यंत्राला तांब्याची भूक लावा.

हस्तलिखित
यंत्र स्वतःसारखंच यंत्र कसं घडवेल, हा प्रश्न गणितज्ञ जॉन फॉन नॉयमन यांनी १९४८ च्या व्याख्यानात घेतला होता. त्यांचं उत्तर असं की यंत्राजवळ स्वतःची कृती लिहिलेली असावी आणि ती दोनदा वापरावी. एकदा वाचून तसं घडवायचं, एकदा अर्थ न लावता जशीच्या तशी उतरवून पिल्लाला द्यायची. सजीवांच्या पेशीत डीएनएही असाच दोनदा वापरला जातो, वाचायला आणि उतरवायला. त्याची रचना १९५३ मध्ये कळली, म्हणजे त्यांनी हे आधीच मांडलं होतं. तुमचा मंत्रही असाच दोनदा म्हणायला लावा.

स्क्रेपर
ताई, भोसरीत टूलरूममध्ये, म्हणजे कारखान्याची अचूक हत्यारं आणि साचे घडवतात तिथे, एकतीस वर्षं काढली, म्हणून लिहितो. तांबं आणि मंत्र ठीक आहे, पण खरी मेख मापात आहे. किल्लीवरून किल्ली, तिच्यावरून तिसरी अशी काढत गेलात तर एक दिवस कुलूप उघडत नाही. लेथचंही तसंच. लीडस्क्रूची, म्हणजे कापायचं हत्यार पुढे सरकवणाऱ्या लांब स्क्रूची, चूक त्या लेथवर कापलेल्या आट्यांत उतरते. एकटं बीजयंत्र पिल्लू काढेल तेव्हा आपला बाकही त्याला देईल. सात-आठ पिढ्यांत सांधे धरतील.

मग जगात अचूक वस्तू आल्या कुठून? सरफेस प्लेट, म्हणजे सपाटी तपासायची लोखंडी पाटी, कशी करतात ते सांगतो. एकीवर मार्किंग ब्लू, म्हणजे खुणेचा निळा रंग, अगदी पातळ पसरायचा, दुसरी तिच्यावर हलकी फिरवायची. निळं लागलं तो उंचवटा, तो स्क्रेपरने (धारदार पात्याच्या हत्याराने) खरवडायचा. पण दोनच प्लेटा घेतल्या तर फसगत होते. एक घुमटासारखी होते, दुसरी वाटीसारखी, आणि दोघी चपखल बसतात. म्हणून तीन घ्यायच्या. पहिली दुसरीशी, दुसरी तिसरीशी, तिसरी पहिलीशी. मधूनमधून एक प्लेट पाव फेरा फिरवून, नाहीतर पीळ राहतो. तिन्ही जोड्या जुळायच्या तर तिघींना सपाट व्हावंच लागतं. आधी कुठेच सपाट काही नसताना! इंग्रज अभियंते जोसेफ व्हिटवर्थ यांनी १८४० मध्ये ही रीत जाहीर मांडली. मला ती उस्तादांनी शिकवली, ते अंगठ्याच्या पेराने ब्लू पसरायचे. माझ्या लग्नाच्या फोटोत माझ्याही अंगठ्याचं नख निळं आहे.

तेव्हा तुमच्या यंत्राला एकट्याने वंश वाढवता येऊ नये. आधी तीन यंत्रं एकत्र यावीत, एकमेकांना अंग घासून सरळ व्हावीत, मगच पिल्लू. जितकी पसरतील तितकी एकमेकांपासून लांब जातील आणि भेट दुर्मिळ होईल. लगाम बाहेरून घालायलाच नको.

टेकडीवाली
काका, तुमचा प्रतिसाद तीनदा वाचला आणि रात्री पुन्हा लिहायला बसले. आता अमावास्येला तिघी खिंडीत भेटतात, अंगाला निळी माती फासून. एक यंत्र बारा वर्षं दोघींची वाट बघत उभं आहे, कथा त्याचीच होणार आहे. सर्वांचे मनापासून आभार. एकच शंका: तिघींपैकी एक जन्मतःच वाकडी असेल, तर नेमकी कोण ते कसं कळणार?

स्क्रेपर
ती कुणाशीच जुळणार नाही, बाकीच्या दोघी आपसात जुळतील. मग तिलाच खरवडायचं, एका वेळी केसाहून कमी. घाई केली तर खड्डा पडतो, मग बाकीचं सगळं अंग त्या खड्ड्याएवढं खाली आणावं लागतं. तेवढा वेळ त्या दोघी थांबतात, असं लिहा.