जपानमधील निवृत्तिवेतन : आज वर्गणी भरणाऱ्यांच्या हाती उद्या काय पडणार?

प्रश्न (तोक्योवासी)

मी काही वर्षांपासून तोक्योत नोकरी करतो. निवृत्तिवेतन विम्याची वर्गणी पगाराच्या 18.3 टक्के असून त्यातील निम्मी माझ्या पगारातून कापली जाते आणि निम्मी कंपनी भरते. चाळिशी ओलांडल्यावर काइगो विम्याची, म्हणजे वृद्धशुश्रूषेसाठीची, कपातही सुरू झाली. दुसरीकडे 2023 मध्ये येथील जननदर (एका स्त्रीमागे सरासरी मुले) 1.20 वर उतरला, पासष्टी ओलांडलेल्यांचे प्रमाण 29 टक्क्यांच्या आसपास आहे आणि सरकारी कर्ज राष्ट्रीय उत्पन्नाच्या दुपटीहून अधिक आहे. माझे जपानी सहकारी ‘आपल्याला काहीच मिळणार नाही’ असे अगदी सहज म्हणतात. ही व्यवस्था खरोखरच बुडणार आहे का? आणि दुखण्याचे मूळ लोकसंख्येत आहे की अर्थकारणात?

उत्तर 1 (अर्थशास्त्राचा शिक्षक)

बुडणार नाही, आक्रसणार आहे, आणि तेही कायद्याने ठरवून. 2004 पर्यंत आधी निवृत्तिवेतन किती द्यायचे ते ठरे आणि त्यानुसार वर्गणी वाढे. त्या वर्षीच्या सुधारणेने हा क्रम उलटा केला. वर्गणी टप्प्याटप्प्याने वाढवून 2017 मध्ये 18.3 टक्क्यांवर कायमची थांबवायची आणि जमेल तेवढ्यातच वाटप बसवायचे, असे ठरले. त्यासाठी, वर्गणीदार कमी होतील आणि आयुर्मान वाढेल त्या प्रमाणात निवृत्तिवेतनातील वार्षिक वाढ महागाईपेक्षा मागे ठेवण्याचे सूत्र कायद्यात घातले गेले.

मात्र या सूत्राने रक्कम प्रत्यक्ष घटवायची नाही, अशी अटही होती. किमती वाढतच नव्हत्या, त्यामुळे ते प्रथम लागू व्हायला 2015 उजाडले. मधल्या काळात ज्यांना निवृत्तिवेतन मिळत होते त्यांना आखणीपेक्षा जास्त मिळाले आणि ती कपात पुढच्या पिढीच्या खात्यावर ढकलली गेली. आपल्या सहकाऱ्यांचा राग येथे असायला हवा. ‘काहीच नाही’ हे मात्र अतिशयोक्त आहे. आदर्श कुटुंबाचे निवृत्तिवेतन नोकरदारांच्या सरासरी निव्वळ मिळकतीच्या 50 टक्क्यांखाली जाऊ द्यायचे नाही, असे त्या कायद्याचे उद्दिष्ट आहे. (हे ‘आदर्श कुटुंब’ म्हणजे चाळीस वर्षे नोकरी केलेला पती आणि गृहिणी पत्नी. एकट्या राहणाऱ्या, कंत्राटी कामगाराने त्यात स्वतःला कोठे शोधायचे, हे कायदा सांगत नाही.)

उत्तर 2 (जनगणना)

मूळ अर्थकारणात आहे, असे माझे मत. युद्धानंतर 1947 ते 1949 या काळात जन्मांची पहिली लाट आली आणि त्या पिढीची मुले 1971 ते 1974 या काळात जन्मली. 1973 या एकाच वर्षी सुमारे 20.9 लाख. त्यांची मुले साधारण 2000 च्या आसपास तिसरी लाट आणतील, अशी अपेक्षा होती. पण ही पिढी पदवी घेऊन बाहेर पडली तेव्हा जमीन व शेअरच्या किमतींचा फुगा फुटलेला होता आणि कंपन्यांनी भरती आखडती घेतली होती. अनेकांना कायम नोकरी मिळाली नाही, लग्ने लांबली किंवा झालीच नाहीत, आणि तिसरी लाट आलीच नाही. हेच लोक 2030 च्या दशकाच्या उत्तरार्धात पासष्टी गाठतील. कमी पगारावर कमी वर्गणी भरल्यामुळे त्यांचे निवृत्तिवेतनही तुटपुंजे असेल, आणि आधाराला मुले नाहीत.

उत्तर 3 (अर्थशास्त्राचा शिक्षक)

तिसऱ्या लाटेबद्दल सहमत आहे, परंतु सारे खापर मंदीवर फोडता येत नाही. जननदर 1.57 वर घसरल्याचा धक्का देशाला बसला तो 1989 च्या आकड्याने, म्हणजे ऐन भरभराटीत. आणि लोकसंख्या स्थिर राखण्याच्या पातळीखाली तो 1970 च्या दशकाच्या मध्यापासूनच होता. महाराष्ट्रात कोणती लाट फुटली नाही की फुगा फुटला नाही, तरी 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात आपला जननदर 1.7 आहे. फरक एवढाच की जपानने सर्वांना निवृत्तिवेतन व आरोग्य विमा 1961 मध्येच दिला होता. आपण म्हातारे होऊ लागलो आहोत ते बहुसंख्य कामगारांना तशी हमी नसताना.

उत्तर 4 (शुश्रूषागृहात काम करणारी)

सर्व चर्चा पैशांची चालली आहे, म्हणून लिहिते. काइगो विमा 2000 मध्ये सुरू झाला. निम्मा पैसा सरकारी तिजोरीतून आणि निम्मा वर्गणीतून येतो, तर सेवा घेणारा बहुधा खर्चाचा दहावा हिस्सा देतो. कर वाढवून पैसा उभा करता येतो. उपभोग कर 1989 मधील 3 टक्क्यांपासून 2019 मध्ये 10 टक्क्यांपर्यंत नेलाच ना? माणसे तशी उभी करता येत नाहीत. सेवेचे दर सरकार ठरवते, त्यामुळे मागणी कितीही वाढली तरी आमचे पगार आपोआप वाढत नाहीत. 2024 मध्ये तर घरी जाऊन दिल्या जाणाऱ्या सेवेचे मूळ दर कमी केले गेले आणि या कामातील कितीतरी बायका स्वतःच साठीपुढच्या आहेत. इंडोनेशिया, फिलिपिन्स, व्हिएतनाममधून मुली येतात, पण येन घसरला की त्यांनाही दुसरे देश दिसू लागतात.

तोक्योवासी

सर्वांचे आभार. मी भारतात परतलो, तर भरलेल्या वर्गणीचे काय होईल?

उत्तर 5 (परतलेला)

परतणाऱ्याला एकरकमी परतावा मागता येतो, पण घाई करू नका. भारत आणि जपान यांच्यातील सामाजिक सुरक्षा करार ऑक्टोबर 2016 पासून लागू आहे. जपानी निवृत्तिवेतनासाठी किमान दहा वर्षे लागतात आणि ती भरत नसतील, तर भारतातील भविष्य निर्वाह निधीच्या पेन्शन योजनेतील वर्षे पात्रतेसाठी जोडून घेता येतात. रक्कम अर्थात जपानमध्ये भरलेल्या काळापुरतीच मिळते. एकदा परतावा घेतला की तो काळ नोंदीतून पुसला जातो आणि मग कराराखालीही तो धरला जात नाही.