प्रति: गळा दाबला की नाही?

'द किलिंग जोक' या बॅटमनच्या कॉमिकच्या शेवटी बॅटमन त्याचा शत्रू जोकरचा गळा दाबतो, असं वर कुणीतरी म्हटलंय. मला नाही पटत. १९८८चं ते कॉमिक काढून शेवटचं पान बघा. दोघं खदखदा हसतायत, बॅटमनचा हात जोकरकडे जातो, मग चौकटी खाली खाली सरकतात आणि उरतं नुसतं डबक्यात पडणारं पावसाचं पाणी. पहिल्या चौकटीतही तेच! शिवाय पोलीस कमिशनर गॉर्डनने बॅटमनला बजावलेलं असतं, जोकरला कायद्यानेच पकड म्हणून. मला खुपतं ते गॉर्डनच्या मुलीचं, बार्बराचं. जोकरने तिला गोळी घालायची ती निव्वळ बापाला वेड लावायला. तिची स्वतःची गोष्टच नाही.

(चित्रकार बोलंडने २००८मध्ये स्वतः रंगवलेली आवृत्ती फार थंड वाटते. जोकरच्या त्या ओसाड जत्रेला मूळ आवृत्तीतले हिगिन्सचे भडक रंगच शोभतात.)