डच झेंड्यात नारिंगी का नाही?

खारी_बिस्किट:
लेकीला शाळेतून 'एका देशाचा झेंडा' असा प्रकल्प मिळालाय. चिठ्ठीत नेदरलँड्स निघाला. बाईसाहेबांनी वरचा पट्टा सरळ नारिंगी रंगवला, कारण हॉकीत ते नारिंगी कपड्यांत खेळताना पाहिलेत. मी म्हटलं, लाल असतो गं. तर म्हणे, का? आता मलाही तोच प्रश्न पडलाय. शिवाय तीन रंगांचे अर्थ लिहायला तीन रकाने दिलेत. सोमवारी द्यायचंय, कुणी सांगेल का?

जोशी_अण्णा:
त्यात काय! लाल शौर्य, पांढरा शांती, निळा निष्ठा. लिहून मोकळे व्हा.

डेल्फ्टकरीण:
अण्णा, हे उत्तर जगातल्या निम्म्या झेंड्यांना चिकटवता येईल. :) डच झेंड्याच्या रंगांना सरकारी अर्थ नाहीच. 19 फेब्रुवारी 1937 ला राणी विल्हेल्मिनाने फर्मान काढलं, तेही एका वाक्याचं: राज्याच्या झेंड्याचे रंग लाल, पांढरा आणि निळा. पुढे शौर्यबिर्य काही नाही.

खारीताई, तुमची लेक मात्र फार चुकलेली नाही. मूळ झेंडा नारिंगीच होता. मी डेल्फ्टला राहते. इथे प्रिन्सेनहोफ म्हणून जुना मठ आहे. स्पेनच्या राजाविरुद्ध बंड करणारा ऑरेंजचा विल्यम तिथे राहायचा आणि 10 जुलै 1584 ला तिथेच जिन्यापाशी त्याला गोळ्या घातल्या. भिंतीतली भोकं जपून ठेवलीत. घरी पाहुणे आले की त्यांना ती दाखवायला नेणं हे माझं ठरलेलं काम. तर हे ऑरेंज म्हणजे दक्षिण फ्रान्समधलं एक छोटं संस्थान, विल्यमला वारशाने मिळालेलं. त्याच्या बाजूची जहाजं नारिंगी-पांढरा-निळा झेंडा लावायची. त्याला 'प्रिन्सचा झेंडा' म्हणतात.

मग लाल कुठून आला? साधारण 1630 नंतर हळूहळू लाल दिसू लागतो आणि 1660 च्या सुमारास तोच रूढ झालेला असतो. यावर इतिहासकारांचं एकमत नाही. काही म्हणतात, नारिंगी रंग उन्हात आणि खाऱ्या वाऱ्यात विटायचा, लाल समुद्रात लांबून ओळखू यायचा. दुसरा पक्ष राजकारणाकडे बोट दाखवतो: 1650 ते 1672 या काळात हॉलंडने ऑरेंज घराण्यातला कुणीच राज्यप्रमुख नेमला नव्हता, मग त्यांचा रंग कोण मिरवणार? पण लाल तर त्याच्या आधीपासून दिसतो, म्हणून मला विटण्याचं कारण जास्त पटतं.

1937 ची भानगड वेगळी. तेव्हा मुसर्टच्या नाझीधार्जिण्या पक्षाने नारिंगीवाला झेंडा उचलला होता. वाद पेटला होता, त्या फर्मानाने तो मिटवला. त्यामुळे आज एखाद्याने खिडकीत नारिंगी-पांढरा-निळा लावला की शेजारीपाजारी भुवया उंचावतात. उजव्या टोकाचे लोक अजून तो वापरतात.

आणि तरी नारिंगी गेला नाहीच! 27 एप्रिलला, राजाच्या वाढदिवशी, झेंड्याच्या वर एक लांब, अरुंद नारिंगी पट्टी लावतात. तिला 'विम्पल' म्हणतात. वारा सुटला की ती काठीला अशी गुंडाळते की आमच्या समोरच्या आजी झाडूच्या दांड्याने सोडवत बसतात. पण 4 मे ला, युद्धातल्या मृतांच्या स्मरणदिनी, संध्याकाळी सहापासून सूर्यास्तापर्यंत झेंडा अर्ध्यावर, आणि 5 मे च्या मुक्तिदिनी पूर्ण वर. त्या दोन्ही दिवशी विम्पल नाही. गंमत जूनमध्ये असते. शालान्त परीक्षेत पोरगं पास झालं की घराबाहेर झेंडा लावतात आणि त्याच्या काठीला पोराचं जुनं दप्तर लटकवतात. निकालाच्या संध्याकाळी गल्लीत फिरलं की कोण पास झालं ते विचारावंच लागत नाही.

वेंगुर्लेकर_झील:
मस्त माहिती. आमच्या वेंगुर्ल्यात डच वखार आहे, आता नुसत्या पडक्या भिंती. 1637 च्या आसपासची. गोव्याच्या पोर्तुगीजांची नाकेबंदी करणाऱ्या डच जहाजांना तिथून रसद जायची. मग त्या जहाजांवर कुठला झेंडा असेल, नारिंगी की लाल?

डेल्फ्टकरीण:
नेमका रंग बदलत होता तेव्हाच विचारलंत! त्या काळात दोन्ही फिरत होते. डच ईस्ट इंडिया कंपनीच्या (डच नाव व्हीओसी) झेंड्यावर मधल्या पांढऱ्या पट्ट्यात व्ही, ओ, सी ही अक्षरं एकात एक गुंफलेली असायची, एवढं मात्र नक्की.

बांडुंगवाला:
इंडोनेशिया राहिलाच की! 19 सप्टेंबर 1945, सुराबाया. यामातो हॉटेलवर डचांनी आपला तिरंगा चढवला. एक महिना आधी इंडोनेशियाने स्वातंत्र्य जाहीर केलेलं, लोक खवळले. पोरं वर चढली, खालचा निळा पट्टा फाडून टाकला आणि उरलेला लाल-पांढरा परत फडकवला. झाला इंडोनेशियाचा झेंडा! ते हॉटेल अजून चालू आहे, आता नाव मजापाहित.

खारी_बिस्किट:
हे ऐकून लेक खूश, सुराबायाचं चित्र काढायला बसलीसुद्धा. पण त्या तीन रकान्यांचं काय करू? मॅडम रकाना रिकामा ठेवला की मार्क कापतात.

डेल्फ्टकरीण:
अर्थाऐवजी छटा लिहा, त्या 1949 साली ठरवून दिल्यात: शेंदरी झाक असलेला तेजस्वी लाल, पांढरा आणि कोबाल्ट निळा. निळा गडदच रंगवायला सांगा हं, फिकट झाला तर तो लक्झेंबर्गचा झेंडा होईल. कागद आडवा धरा, उंची दोन भाग, लांबी तीन भाग.

जोशी_अण्णा:
बरं, माझं शौर्य मागे घेतो.