कुकरच्या शिट्टीला घाबरणारी मुलगी हाक मात्र ऐकत नाही, हे कसे?

जुळेसोलापूरकर यांचा प्रश्न:

नमस्कार. माझी मुलगी साडेसहा वर्षांची असून पहिलीत शिकते. गेल्या जानेवारीत सोलापुरात गड्ड्याच्या (सिद्धेश्वराच्या) यात्रेत नंदीध्वज, म्हणजे मिरवणुकीतले उंच काठ्यांचे ध्वज, दाखवण्यासाठी आम्ही तिला बाळीवेशीत घेऊन गेलो होतो. हलग्या वाजू लागल्या आणि 'हर्र बोला हर्र'चा गजर सुरू झाला, तशी तिने दोन्ही कान गच्च दाबून धरले, अंग ताठ केले आणि शेवटी माझ्या खांद्यावरच उलटी केली. घरी कुकर चढवला की ती आधीच गच्चीत जाऊन बसते. फ्रॉकच्या मानेजवळचे लेबल कापल्याशिवाय ती तो घालत नाही, आणि मोज्याची शिवण बोटांना लागली म्हणून शाळेची रिक्षा दोनदा चुकली आहे. कडक भाकरी ती आवडीने कुरकुर चावून खाते, पण तीच भाकरी आमटीत कुस्करून दिली की तिला ओकारी येते.

एवढेच असते तर मुलगी नाजूक आहे असे म्हणून आम्ही गप्प बसलो असतो. परंतु हीच मुलगी दिवसभर सोफ्यावरून उड्या मारते, गाद्यांच्या ढिगात स्वतःला दाबून घेते, गुडघा फुटून रक्त आले तरी तिला पत्ता नसतो, आणि वर्गात बाईंनी तीन वेळा नाव घेतले तरी मान वर करीत नाही. तिचे लक्ष नसते असे बाई म्हणतात. ती लाडावली आहे असे नातेवाईक म्हणतात. आणि माझी आई म्हणते, 'तूही असाच होतास.' हे शेवटचे वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही, कारण ट्यूबलाइटची घूं घूं मला आजही बसू देत नाही. हा आजार आहे का, ही स्वमग्नता (ऑटिझम) आहे का, आणि एकाच मुलात ही दोन टोके कशी असू शकतात?

हातमाग (ऑक्युपेशनल थेरपिस्ट, म्हणजे रोजची कामे जमावीत म्हणून मदत करणारे उपचारतज्ज्ञ) यांचे उत्तर:

आपल्या शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करते. कान, त्वचा, डोळे यांच्याकडून मेंदूकडे सतत माहिती येत असते. तिच्यातील कोणती पुढे जाऊ द्यायची, कोणती दाबायची आणि प्रतिसाद किती मोठा द्यायचा, हे मेंदू क्षणाक्षणाला ठरवत असतो. अंगावरचा शर्ट पाच मिनिटांनी जाणवेनासा होतो, तो याच कामामुळे. या जुळवणीला संवेदनांचे नियमन म्हणतात. ते बिघडले म्हणजे सगळ्याच संवेदना मोठ्या झाल्या असे होत नाही, तर जुळवणीच हलती राहते: आवाजाला प्रतिसाद जास्त, वेदनेला कमी, आणि दाबाची तर भूकच. म्हणून आपल्या मुलीत दिसणारी दोन टोके हा विरोधाभास नसून या अडचणीचे अगदी नेहमीचे रूप आहे.

हाकेविषयी वेगळे सांगायला हवे. ज्या वर्गात पंखा खडखडतो, बाहेर रिक्षा वाजतात आणि शेजारी चाळीस मुले बोलत असतात, तेथे बाईंचा आवाज त्या गलबल्यातून वेगळा काढण्यातच या मुलांची पुष्कळ शक्ती खर्च होते. थकल्यावर ती जणू दार लावून घेतात. बाहेरून पाहणाऱ्याला ते दुर्लक्ष वाटते.

पाच ज्ञानेंद्रिये आपण शाळेत शिकलो, पण आमच्या कामात आणखी तीन जाणिवा महत्त्वाच्या असतात: आतल्या कानामुळे मिळणारी तोलाची जाणीव, स्नायू व सांधे यांच्याकडून येणारी अंगाच्या स्थितीची जाणीव, आणि भूक, लघवी, धडधड यांसारखी शरीराच्या आतली जाणीव. उड्या मारताना आणि गाद्यांत दबून घेताना मुलगी यांपैकी दुसरी जाणीव गोळा करीत असते, आणि तिने बहुतेक मुलांचे मन शांत होते. थोडक्यात, ती स्वतःवर स्वतःच उपाय करीत आहे. सोफा तेवढा वाचवा. पाण्याची बादली उचलणे, कणीक मळणे, दप्तर स्वतः वाहणे, शिडीवर चढणे ही कामे शाळेपूर्वी पंधरा मिनिटे द्या आणि फरक पाहा.

या विचाराचा पाया अमेरिकेतील ऑक्युपेशनल थेरपिस्ट ए. जीन एअर्स यांनी घातला; त्यांचे मुख्य पुस्तक 1972 साली आले. पुढे विनी डन यांनी चार ढंग मांडले: संवेदना उशिरा लक्षात येणे, ती शोधत फिरणे, ती लगेच बोचणे आणि तिच्यापासून पळणे. हे ढंग मोठ्या माणसांतही मोजतात, तेव्हा आईंच्या वाक्याकडे आपण दुर्लक्ष करू नये हेच बरे.

रोखठोक यांचे उत्तर:

आमच्या वेळी दोन धपाटे दिले की मोजे आपोआप पायात जात असत. हल्ली प्रत्येक खोडीला इंग्रजी नाव मिळते.

नवीपेठ_वाचक यांचे उत्तर:

रोखठोक, ते धपाटे मी खाल्ले आहेत आणि मोजेही घातले आहेत. फक्त त्यानंतर शाळेत दिवसभर शिवणीखेरीज दुसरे काही डोक्यात शिरत नसे. म्हणून हे सविस्तर लिहिते.

माझे वय 41. आमच्या घराच्या खालच्या मजल्यावर यंत्रमाग होते आणि त्यांच्या खटखटीत मी लहानपणी गाढ झोपत असे. वीज गेली आणि माग थांबले की मात्र दचकून जागी होत असे. त्याच मला कार्यालयात शेजारच्या टेबलावरील पेनाची टकटक सहन होत नाही. पुष्कळ वर्षे मी याला स्वभावातला खोटेपणा समजत होते. खरे कारण असे की मागाचा आवाज ठरावीक चालीचा होता, तो पुढे काय करणार हे माहीत होते, आणि टकटक केव्हा येईल याचा काही नेम नसतो. मला त्रास आवाजाच्या मोठेपणाचा नसून अवचितपणाचा आहे, हे कळल्यावर निम्मे प्रश्न सुटले. आपल्या मुलीला शिट्टी होण्यापूर्वी सांगून पाहा, किंवा गॅस तिलाच बंद करू द्या.

मोठ्या माणसांत हे वेगळ्या कपड्यांत येते. लग्नाच्या कार्यालयातून लवकर निघणारा माणूस शिष्ट ठरतो, संध्याकाळी घरी आल्यावर मुलांवर ओरडणारी बाई तापट ठरते, आणि एप्रिल-मेच्या उन्हात घामाने चिकटलेल्या कपड्यांनी जीव नकोसा होतो हे तर सोलापुरात कोणाला सांगायची सोयच नाही, कारण उन्हाचा त्रास सगळ्यांनाच होतो. माझ्यावर प्रथम चिंतेच्या विकाराचे उपचार झाले, आणि ते निरुपयोगी नव्हते, कारण चिंता वाढली की संवेदना अधिक बोचतात आणि त्या बोचल्या की चिंता वाढते. आता घरी आल्यावर वीस मिनिटे मी अंधाऱ्या खोलीत, अंगावर जाड सोलापुरी चादर घेऊन पडते. सासूबाईंना पहिले वर्षभर ते आळशीपण वाटले. हल्ली त्या स्वतःच दार ओढून घेतात.

निवृत्त_बालरोगतज्ज्ञ यांचे उत्तर:

वरील दोन्ही सविस्तर उत्तरे उपयुक्त आहेत. त्यांना काही मर्यादा जोडतो. संवेदनांच्या नियमनातील अडचण खरी असते, परंतु 'संवेदी प्रक्रिया विकार' हे अमेरिकेतील मनोविकारतज्ज्ञांच्या 2013 सालच्या वर्गीकरणात स्वतंत्र निदान नाही. त्याच वर्गीकरणात संवेदनांना अति किंवा अल्प प्रतिसाद देणे हे स्वमग्नतेच्या निकषांत समाविष्ट झाले. मात्र तेवढ्यावरून स्वमग्नता ठरत नाही. त्यासाठी सामाजिक संवादातील अडचणी दिसाव्या लागतात. मुलगी मैत्रिणींशी कशी खेळते, डोळ्याला डोळा देऊन गोष्ट सांगते का, खोटे-खोटे खेळ रचते का, हे आपण लिहिलेले नाही. हीच लक्षणे अतिचंचलतेत (एडीएचडी) आणि चिंतेतही आढळतात.

म्हणून क्रम असा ठेवावा. प्रथम कानांची तपासणी आणि श्रवणचाचणी करून घ्यावी, कारण हाकेला उत्तर न देणाऱ्या मुलाचे कान तपासण्यापूर्वी दुसरे काहीही ठरवणे चूक आहे. नंतर डोळे, आणि मग बालविकासाची तपासणी. आवाजाचा किंवा उजेडाचा त्रास अचानक सुरू झाला असेल, तर कानाचा जंतुसंसर्ग आणि अर्धशिशी यांचाही विचार करावा लागतो. खर्चाची अडचण असल्यास, राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक अंगणवाड्यांत व सरकारी शाळांत येते, त्याच्याकडून पुढील तपासणीसाठी चिठ्ठी मिळू शकते.

उपचारांविषयी स्पष्ट बोलतो. अमेरिकन बालरोग अकादमीने 2012 मध्ये सांगितले की संवेदनांवर काम करणाऱ्या ऑक्युपेशनल थेरपीच्या पद्धती उपचारांचा एक भाग म्हणून वापरता येतील, पण पुरावा मर्यादित आहे हे पालकांना कळवावे. ब्रिटनमध्ये स्वमग्न मुलांवर झालेल्या आणि 2022 साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या चाचणीत, नेहमीच्या सेवेपेक्षा या उपचाराचा वेगळा लाभ दिसला नाही. कोणी वर्षभराचे पैसे आगाऊ मागत असेल, तर उठून यावे. 'रिक्षा येण्यापूर्वी मोजे घालणे' असे एखादे मोजता येणारे उद्दिष्ट ठरवावे आणि तीन महिन्यांनी ते तपासावे.

हातमाग यांचे उत्तर:

डॉक्टरांशी मी सहमत आहे, आणि आमच्याच क्षेत्रातील काही जणांना हे आवडणार नाही याची मला कल्पना आहे. थेरपीत वापरतात ती वजनाची जाकिटे आणि झोपाळे विकत घेण्याची घाई नको. घरातली, वर्गातली परिस्थिती बदलणे स्वस्त असते आणि बहुधा लवकर लागू पडते: उलटे घातलेले मोजे, पंख्यापासून दूरचा बाक, नाव घेण्यापूर्वी खांद्यावर ठाम हात. हलका, निसटता स्पर्श मात्र टाळा, तो अशा मुलांना अधिक झोंबतो.

जुळेसोलापूरकर यांचे उत्तर:

सर्वांचे आभार. श्रवणचाचणीची वेळ शुक्रवारची मिळाली आहे. मुलगी मैत्रिणींत रमते, भातुकलीत तासन्‌तास दुकान चालवते. हे आधीच लिहायला हवे होते. काल शिट्टी होण्याआधी गॅस तिला बंद करू दिला, तेव्हा ती गच्चीत गेली नाही, कान झाकून ओट्याशीच उभी राहिली. एकच विचारायचे राहिले: येत्या संक्रांतीला तिला गड्ड्याला न्यावे की नाही? आजोबा बाराबंदी (यात्रेतला पांढरा पारंपरिक पोशाख) घालून निघणार आहेत आणि तिला त्यांना पाहायचे आहे.

हातमाग यांचे उत्तर:

तिला पाहायचे असेल तर न्या. मिरवणूक वाटेत येण्याआधीच एखाद्या ओळखीच्या घराच्या माडीवर जाऊन बसा आणि आधीच्या आठवड्यात हलग्यांचा आवाज मोबाइलवर अगदी हळू ऐकवत जा. आवाज वाढवण्याचे बटण तिच्याच हातात असू द्या. कान झाकायचे हेडफोन पिशवीत ठेवा, पण आवाज फार वाढला तरच घाला. ते दिवसभर घातले तर साधे आवाजही बोचू लागतात. होम मैदानावरचे शोभेचे दारूकाम यंदा सोडून द्या. आजोबांना मात्र सांगून ठेवा की नंदीध्वज पुढे गेल्यावर त्यांनी माडीकडे पाहून हात हलवावा, म्हणजे कोणत्या क्षणाची वाट पाहायची हे तिला माहीत असेल.